कागद, आवाज आणि घर : पायल कपाडियाच्या सिनेमातलं आपलेपण

वकिलाच्या कचेरीत दोन बायका बसल्या आहेत. एक पार्वती, मुंबईतल्या एका इस्पितळात स्वयंपाकाचं काम करणारी कोकणातली विधवा. दुसरी प्रभा, त्याच इस्पितळातली वरिष्ठ मल्याळी परिचारिका. पार्वतीच्या चाळीच्या जागी टॉवर उभा राहणार आहे आणि बिल्डरची माणसं तिच्या दारात येऊन धमकावू लागली आहेत. वकील साधी गोष्ट विचारतो : खोली तुमची आहे याचा कागद काय? पार्वतीकडे कागद नाही. नवरा गिरणीत होता. जागेचे व्यवहार त्यानं केले, बायकोला काही सांगितलं नाही, आणि तो गेला. वीसहून अधिक वर्षं ती त्या खोलीत राहिली, पण ते राहणं कुठेही लिहिलेलं नाही. पुढे ती म्हणते, कागद नसेल तर आपण हवेत विरून गेलो तरी कुणाला पत्ता लागणार नाही.

'ऑल वुई इमॅजिन अ‍ॅज लाइट' (२०२४) या पायल कपाडियाच्या पहिल्या कथापटातला हा प्रसंग कथेच्या मध्यभागी नाही. कथा प्रामुख्यानं प्रभाची आणि तिच्याबरोबर राहणाऱ्या अनू या तरुण परिचारिकेची आहे. पार्वती तिसरी. कान महोत्सवात ग्रां प्री मिळाल्यावर या सिनेमावर जे लिहिलं गेलं त्यातही ती तिसरीच राहिली. मला मात्र सिनेमा दुसऱ्यांदा पाहताना वाटलं, की कपाडियाच्या आजवरच्या कामाची किल्ली या कचेरीतल्या प्रसंगात आहे. 'मी कोण?' हा प्रश्न तिच्या पात्रांना फारसा पडत नाही. आपण कोण आहोत हे त्यांना पक्कं ठाऊक असतं. त्यांची अडचण वेगळी आहे : मी इथे राहिले, इथे कुणावर तरी जीव लावला, याला साक्ष कुणाची?

मी हा सिनेमा पाहिला तो परळच्या बाजूला, जुन्या गिरणीच्या जमिनीवर उभ्या राहिलेल्या एका मॉलमध्ये. पार्वती ज्या प्रकारच्या इमारतीसाठी घर सोडते, तशा इमारतीत बसून तिची गोष्ट पाहताना जी अस्वस्थता आली, तिचा हिशेब मांडण्यासाठीही हे टिपण आहे.

घडण

कपाडियाचा जन्म १९८६चा, मुंबईतला. आई नलिनी मलानी ही भारतातल्या महत्त्वाच्या चित्रकारांपैकी एक. मलानींचा जन्म १९४६ साली कराचीत झाला, फाळणीत कुटुंब विस्थापित झालं आणि पुढे मुंबईत आलं. दक्षिण मुंबईतल्या लोहार चाळीत त्यांचा स्टुडिओ होता आणि त्या गल्लीतली हमाली करणारी, रस्त्यावर राहणारी माणसं त्यांच्या चित्रांत आली. कपाडियाच्या सिनेमाचं इंग्रजी नावही आईच्या एका चित्राच्या नावावरून आलेलं आहे. आईचं चित्र आणि मुलीचा सिनेमा यांत सरळ रेघ ओढायचं कारण नाही. पण गाव सुटलेल्या माणसांकडे बघायची सवय घरातच होती, एवढं म्हणता येतं.

शालेय शिक्षण आंध्रातल्या ऋषी व्हॅलीत, पदवी मुंबईच्या सेंट झेविअर्समध्ये अर्थशास्त्राची. नंतर पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट. तिथे असताना २०१५ साली संस्थेच्या अध्यक्षपदी झालेल्या नेमणुकीविरुद्ध विद्यार्थ्यांनी १३९ दिवस संप केला. ज्या विद्यार्थ्यांवर त्या काळात पोलिसांनी आरोपपत्र दाखल केलं, त्यांत कपाडियाही होती. हा तपशील पुढे महत्त्वाचा ठरतो, कारण तिचा पहिला मोठा चित्रपट त्या संपातून उगवला.

त्याआधीचे दोन लघुपट इथे नोंदवायला हवेत. 'आफ्टरनून क्लाउड्स' (२०१७) कान महोत्सवाच्या चित्रपटशाळांसाठीच्या विभागात निवडला गेला. साठीची विधवा काकी आणि तिच्याकडे काम करणारी मालती ही नेपाळी तरुणी एका फ्लॅटमध्ये राहतात. काकीच्या भूमिकेत उषा नाईक आहेत. मालतीच्या गावाकडचा एक मुलगा अचानक भेटतो, आणि तेरा मिनिटांत दोन बायकांची दोन वेगळी वाट बघणी शेजारी शेजारी मांडली जातात. दुसरा लघुपट 'अँड व्हॉट इज द समर सेइंग' (२०१८). महाराष्ट्रातल्या जंगलालगतच्या एका गावात नामदेव झाडांच्या शेंड्यांकडे बघत मध शोधतो, आणि गावातल्या बायका हलक्या आवाजात आपल्या हरवलेल्या प्रेमांविषयी बोलतात. त्यांचे चेहरे बोलताना दिसत नाहीत. कुजबुज जंगलावरून, धुरावरून, रिकाम्या उंबरठ्यांवरून वाहत जाते.

एका छपराखाली राहणाऱ्या थोरल्या आणि धाकट्या बायका; दूर असलेला किंवा नसलेला पुरुष; आणि चेहऱ्यापासून सुटा झालेला आवाज. सात वर्षांनी कान गाजवणाऱ्या सिनेमाचं सगळं सामान या दोन लघुपटांत आधीच होतं.

आवाज एकीकडे, माणूस दुसरीकडे

'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग' (२०२१) हा माहितीपट म्हणावा की पत्रपट, हे ठरवणं कठीण आहे. फिल्म इन्स्टिट्यूटच्या वसतिगृहात एका कपाटात काही पत्रं सापडतात. लिहिणारीचं नाव फक्त 'एल' या अक्षरानं कळतं. तिचा प्रियकर वेगळ्या जातीचा, म्हणून त्याच्या घरच्यांनी त्याला अडकवून ठेवलं आहे. पत्रं त्याच्यासाठी आहेत आणि बहुधा पोचलेली नाहीत. ती वाचली जात असताना पडद्यावर कृष्णधवल, दाणेदार चित्रं येतात : वसतिगृहातलं नाचणं, झोपलेले मित्र, मग संप, मोर्चे, रोहित वेमुलाच्या मृत्यूनंतरचा संताप, विद्यापीठांच्या आवारात घुसलेले पोलिस. ही पत्रं म्हणजे रचलेली कथा आहे आणि तिच्याभोवतीची दृश्यं खरी. कान महोत्सवात उत्कृष्ट माहितीपटासाठीचा 'गोल्डन आय' पुरस्कार या चित्रपटाला मिळाला.

एल आपल्याला कधीच दिसत नाही. तिचा आवाज ज्या दृश्यांवरून जातो, ती दृश्यं तिची नाहीत. अनेकांनी वेगवेगळ्या वेळी टिपलेली आहेत. ज्याचा आवाज आहे त्याला शरीर नाही, आणि ज्यांची शरीरं दिसतात त्यांचा आवाज ऐकू येत नाही. ही केवळ शैलीची आवड मानली तर कपाडियाचा सिनेमा 'काव्यात्म' या ढोबळ विशेषणाखाली बसतो आणि प्रश्न संपतो. मला ती तिच्या विषयाचीच रचना वाटते. जिथे राहतो तिथलं आपण नसणं, हे आवाजाला हक्काचं चित्र न मिळण्यातून ती दाखवते.

'ऑल वुई इमॅजिन'ची सुरुवात याच पद्धतीनं होते. रात्रीचा दादरचा बाजार, हातगाड्या, पोती, लोकलच्या खिडक्या. आणि त्यावर या शहरात पोट भरायला आलेल्या माणसांचे आवाज, वेगवेगळ्या भाषांत. कुणी वर्षानुवर्षं राहूनही या शहराला आपलं घर म्हणायला बिचकतो, कारण कधीही निघावं लागेल असं वाटत राहतं. हे आवाज कुणाचे, ते कळत नाही. मग कॅमेरा गाडीत उभ्या असलेल्या प्रभावर येऊन थांबतो आणि गोष्ट सुरू होते. जणू त्या शेकडो आवाजांतला एकच शरीर शोधू शकला.

पुढेही हे चालू राहतं. अनू आणि शियाझ या मुस्लिम तरुणाचं प्रेम दोघांच्या राहत्या जागांत मावत नाही. ते मोबाइलच्या संदेशांतून रात्रीच्या इमारतींवर अक्षरांच्या रूपात तरंगतं. डॉक्टर मनोज प्रभासाठी कविता लिहितो. ती ती रात्री, एकटी असताना वाचते. प्रभाचा नवरा लग्नानंतर लगेच जर्मनीला गेला आणि हळूहळू फोनही थांबले. त्याच्याकडून येतो तो परदेशी बनावटीचा लाल राइस कुकर, चिठ्ठीशिवाय. त्या कुकरला आवाजही नाही. प्रभा रात्री एकदा त्याला मिठी मारून बसते. या क्षणाचं हसूही येऊ शकलं असतं. कनी कुसृतीनं तो इतका सरळ केला आहे की हसू येत नाही.

प्रत्येकाला आपली ओळख थोडी झाकावी किंवा बदलावी लागते, हेही या सिनेमात बारकाईनं येतं. शियाझच्या घरची मंडळी लग्नाला गेल्यावर त्याच्या वस्तीत शिरण्यासाठी अनू बुरखा विकत घेते. तिकडे तिच्या घरचे फोनवर स्थळं पाठवत असतात. म्हणजे एका बाजूला तिचं नाव, जात, धर्म असलेलं स्थळपत्र, आणि दुसऱ्या बाजूला ते सगळं झाकणारं काळं कापड. पाऊस पडतो, रुळांवर पाणी साचतं, गाड्या बंद होतात आणि भेट राहते. मुंबईच्या पावसानं मोडलेल्या बेतांची यादी मराठी वाचकाला नवी नाही. पण इथे तो पाऊस शहराचं धोरण असल्यासारखा वाटतो. शहर भेटू देतं म्हणून माणसं इथे येतात, आणि भेटायला जागा मात्र देत नाही.

गिरणगावाचं उरलेलं

आता पार्वतीकडे परत येऊ. ती कोणत्या इतिहासातून आली, हे सिनेमा एखाद-दुसऱ्या वाक्यात सांगून पुढे जातो. मराठी प्रेक्षकाला तो इतिहास वेगळा सांगावा लागत नाही, पण इथे मांडल्याशिवाय तिच्या 'कागद नाही'चा अर्थ पुरा होत नाही.

१८ जानेवारी १९८२ रोजी दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख गिरणी कामगार होते. तो अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. गिरण्या बंद पडत गेल्या आणि जमिनीचा प्रश्न उरला. १९९१च्या विकास नियंत्रण नियमावलीतल्या ५८व्या कलमानं या जमिनीचे तीन वाटे सांगितले : एक महापालिकेला मोकळ्या जागेसाठी, एक म्हाडाला घरांसाठी, एक मालकाला. २००१च्या दुरुस्तीनं वाटणी फक्त मोकळ्या जमिनीपुरती राहिली, बांधकाम असलेली जमीन तिच्यातून निसटली, आणि शहराच्या व कामगारांच्या वाट्याला आलेला तुकडा लहान होत गेला. २००६ साली सर्वोच्च न्यायालयानं ही दुरुस्ती ग्राह्य धरली. त्यानंतरचं परळ-लोअर परळ आपल्यासमोर आहे.

या सगळ्या व्यवहारात माणसाची किंमत कागदावर ठरली. गिरणी कामगाराला घराच्या सोडतीत बसायचं तर गिरणीत काम केल्याचा पुरावा हवा. झोपडीच्या पुनर्वसनासाठी आधी १९९५ आणि पुढे २००० ही वर्षं पात्रतेची सीमा झाली. त्याआधीपासून राहत असल्याचा दाखला हवा. चाळीत पागडीची पावती हवी. आणि हे सगळे कागद बहुतेक घरांत पुरुषाच्या नावावर आणि पुरुषाच्या ट्रंकेत. नवरा गेला की बायकोनं त्या घरात केलेला स्वयंपाक, काढलेली आजारपणं, भरलेलं पाणी, यांतलं काहीच पुरावा म्हणून चालत नाही.

गिरणगावावर मराठीत नाटक-सिनेमा झाला आहे. जयंत पवारांचं 'अधांतर' आणि त्यावर आधारलेला महेश मांजरेकरांचा 'लालबाग परळ' (२०१०) हे त्यातले ठळक. अंजली माँटेरो आणि के. पी. जयशंकर यांच्या 'साचा' (२००१) या माहितीपटानं नारायण सुर्वे आणि सुधीर पटवर्धन यांच्या सोबतीनं हा भाग पाहिला. 'अधांतर'मधली आई विसरता येत नाही. तरीही त्या कथेचा दाह मुलांच्या पिढीचा, बेकार पुरुषांचा आहे. कपाडिया त्या दाहानंतर अनेक वर्षांनी उरलेल्या बाईकडे बघते. पार्वती रडत नाही. ती प्रभाबरोबर रात्री जाऊन बिल्डरच्या जाहिरातफलकावर दगड मारते. उच्चभ्रूपणा हा निवडकांचाच हक्क आहे, अशा थाटाची घोषणा त्या फलकावर आहे. दगड लागतो, दोघी हसतात आणि पळतात. काही बदलत नाही, पण प्रभासारखी शिस्तीची बाई पार्वतीसाठी दगड उचलते. वकिलाला जो कागद हवा होता तो प्रभा देऊ शकली नव्हती. साक्ष मात्र तिनं दिली.

पार्वतीच्या स्वयंपाकाच्या कामालाही मागची एक ओळ जोडता येते. गाळ्यात दाटीनं राहणाऱ्या एकट्या कामगारांना जेवू घालणाऱ्या खानावळवाल्या बायकांवर गिरणगाव चाललं. प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं ते याच बायकांसाठी. सिनेमात याचा उल्लेख नाही आणि तो असायला हवा होता असंही नाही. छाया कदमच्या उभं राहण्यात, मोठ्यानं बोलण्यात आणि कुणाची दया न घेण्यात मात्र ती परंपरा दिसते. तिचं काम या सिनेमातलं सर्वांत जिवंत आहे असं मला वाटतं.

रत्नागिरीची बाजू

पार्वती हार मानून गावी जायचं ठरवते. प्रभा आणि अनू सामान घेऊन तिला पोचवायला जातात. सिनेमाचा दुसरा भाग रत्नागिरीच्या किनाऱ्यावर घडतो. छायाचित्रकार रणबीर दास यांनी मुंबई निळसर ठेवली होती : ताडपत्र्या, गणवेश, पावसातले ट्यूबलाइट. इथे एकदम जांभा, ऊन, झाडांचा खरा हिरवा. आवाजही बदलतो, गाड्यांच्या खडखडाटाच्या जागी गाज आणि पाखरं येतात.

किनाऱ्यावर एक बुडालेला माणूस सापडतो. प्रभा छाती दाबून, तोंडानं श्वास देऊन त्याला वाचवते. गावातली म्हातारी समजते, हा हिचा नवराच. प्रभा तिला दुरुस्त करत नाही. मग त्या खोलीत, अर्धवट अंधारात, तो अनोळखी माणूस तिच्या नवऱ्याच्या जागेवरून बोलू लागतो. परदेशातल्या कारखान्यात दिवस-रात्र कळत नाही, अंधारात उजेडाची कल्पना करायचा प्रयत्न करतो, असं काहीसं सांगतो. पुन्हा आपल्याकडे ये, म्हणतो. प्रभा नकार देते.

हा प्रसंग स्वप्न की भास, यावर बरंच लिहिलं गेलं आहे. त्यापेक्षा मला तो कुठे घडतो हे महत्त्वाचं वाटतं. रत्नागिरी जिल्ह्यातल्या बायकांनी शंभर वर्षं हेच आयुष्य काढलं आहे. नवरा मुंबईत, गाळ्यात. घरी मनिऑर्डर, गणपतीला आणि शिमग्याला चार दिवस चाकरमानी, आणि उरलेलं वर्ष वाट बघणं. काहींची मनिऑर्डर थांबली आणि मग बातमीही थांबली. कोकणातल्या घराला मुंबई जशी होती, तशी केरळातल्या घराला आखात झाली आणि प्रभाला जर्मनी. प्रभाच्या लाल कुकरचा पूर्वज म्हणजे चाकरमान्यानं पाठवलेली ट्रंक. म्हणूनच त्या म्हातारीला खुलासा नको असतो. समुद्रातून अवचित परत आलेला पुरुष हा कुणाचा तरी नवराच असणार, ही समज त्या किनाऱ्याची आहे. मल्याळी प्रभाला आपल्या नवऱ्याशी शेवटचं बोलायला जी जागा मिळाली ती कोकणात मिळाली, यात मला या सिनेमातली सर्वांत खोल जोडणी दिसते. कपाडियानं ती जाणून केली की कथेच्या ओघात झाली, हा प्रश्न दुय्यम आहे. पडद्यावर ती आहे.

इथेच माझी पहिली तक्रारही आहे. मुंबईतल्या घराचे कागद काटेकोर मागणारा सिनेमा गावच्या घराबद्दल काहीच विचारत नाही. कोकणातल्या घराचा सातबारा हे एक स्वतंत्र महाभारत असतं : चुलते, भाऊबंद, पडवीतली वाटणी, वीस वर्षं बंद असलेली खोली. एकटी विधवा परत आली तर तिला तिथे चूल मांडू देतील का, हा प्रश्न मुंबईतल्या प्रश्नाइतकाच कठीण आहे. पार्वतीला ते घर सहज मिळतं. जुनी बाटली सापडते, ती अनूबरोबर नाचते. नाचाचा प्रसंग सुंदर आहे. पण 'गाव' ही शहराच्या जाचातून सुटायची जागा आहे, या कल्पनेला सिनेमा इथे न तपासता शरण गेल्यासारखा वाटतो. शहराबद्दल तो जेवढा संशयी आहे, तेवढा गावाबद्दल नाही.

भाषेचा उंबरठा

सिनेमात मल्याळम, हिंदी आणि मराठी या तीन भाषा प्रामुख्यानं आहेत. मल्याळम ही कपाडियाची भाषा नाही. ज्या भाषेत आपण स्वतः उपरे आहोत त्या भाषेत पहिला कथापट करणं, ही निवड तिच्या विषयाशी प्रामाणिक आहे. डॉक्टर मनोजला हिंदी येत नाही. प्रभा त्याला शिकवते. करार संपत आला आहे, राहू की जाऊ, असं तो आडून विचारतो, तेव्हा 'राहण्याचं कारण दे' हेच त्याला म्हणायचं असतं. प्रभा कारण देत नाही. या प्रसंगात शहराची भाषा शिकणं आणि शहरात जागा मिळणं यांतलं अंतर कळतं. दुसरीकडे, प्रभा आणि अनू आपसात मल्याळम बोलतात तेव्हा इस्पितळाच्या गर्दीत त्यांची एक खोली तयार होते. परक्या ठिकाणी आपली भाषा ही कधी कधी एवढीच जागा असते.

पार्वतीच्या वाट्याला मात्र अशी खोली येत नाही, आणि ही माझी दुसरी तक्रार. प्रभाला कविता मिळते, भास मिळतो. अनूला संदेश मिळतात. पार्वतीला आतला आवाज मिळत नाही. ती कृती करते, टोमणे मारते, निर्णय घेते. पण एकटी असताना ती काय आठवते, हे आपल्याला ऐकू येत नाही. तिचं मराठी प्रभाशी बोलताना हिंदीत विरघळतं. मुंबईत मराठी माणसानं समोरच्यासाठी हिंदीत शिरणं हे अगदी खरं निरीक्षण आहे. तरी जिला घर गमवावं लागलं तिच्या भाषेत तिचं मन एकदाही उघडू नये, याची चुटपुट लागते.

या तक्रारीला उलटूनही बघता येतं आणि मी ते बघितलं. कपाडियाच्या सिनेमात आवाज शरीरापासून सुटतो तो जागा नसलेल्या माणसांचा. पार्वती ही एकटीच अशी, जिचा आवाज आणि शरीर कायम एकत्र आहेत. कागद नसला तरी ती खरोखर त्या शहराची होती, म्हणून तिला सुटा आवाज लागत नाही. हे वाचन मला पटतं. पण पटूनही तक्रार पूर्ण मिटत नाही. गिरणगावातल्या बायकांची जगणी आपण फार काळ 'खंबीर' या एका शब्दात गुंडाळत आलो आहोत. खंबीर माणसालाही रात्री झोप लागत नाही, हे दाखवणारी दोन मिनिटं या सिनेमाला परवडली असती.

सिनेमाचेच कागद

आपलेपणाचा पुरावा मागणं पात्रांपाशी थांबलं नाही. शाजी एन. करुण यांच्या 'स्वहम'नंतर (१९९४) तीस वर्षांनी कानच्या मुख्य स्पर्धेत गेलेला हा भारतीय सिनेमा. ऑस्करसाठी भारताची प्रवेशिका ठरवताना फिल्म फेडरेशननं 'लापता लेडीज'ची निवड केली. ती त्यांची निवड आहे आणि तो सिनेमाही अनेकांचा आवडता आहे. पण कपाडियाचा सिनेमा भारतात घडणारा युरोपीय सिनेमा वाटतो, अशा आशयाचं परीक्षकांचं मत फेडरेशनच्या अध्यक्षांच्या तोंडून वृत्तपत्रांत आलं. पैशात फ्रान्सचा, नेदरलँड्सचा, लक्झेंबर्गचा वाटा होता हे खरं. फ्रान्सनंही त्याचा विचार केला आणि दुसरा सिनेमा पाठवला. दादरच्या बाजारात सुरू होऊन रत्नागिरीच्या किनाऱ्यावर संपणाऱ्या सिनेमाला दोन्ही घरांत खोली मिळाली नाही.

'युरोपीय' म्हणजे काय, हे त्या मतात स्पष्ट झालं नाही. कदाचित संथपणा. कदाचित गाण्यांची अनुपस्थिती. कदाचित बायकांच्या इच्छेकडे शिक्षा न देता बघणं. पण वाट बघणाऱ्या बाईचा संथपणा आपल्याकडे ओव्यांइतका जुना आहे. जात्यावर बसून दूर गेलेल्या माणसाशी बोलणारी, त्याच्यापर्यंत न पोचणारा आवाज, हा कपाडियाच्या 'एल'चा आणि प्रभाचा सख्खा नातलग आहे. ही वंशावळ दाखवायला युरोपात जावं लागत नाही.

२०२५च्या सनडान्स महोत्सवात रोहन कानवडेच्या 'साबर बोंडं' या मराठी सिनेमाला जागतिक कथापट विभागातला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्यातही मुंबईत राहणारा माणूस वडिलांच्या दहा दिवसांच्या सुतकासाठी गावी जातो आणि तिथे त्याला बालपणीच्या मित्रात आपलं माणूस सापडतं. दोन सिनेमांची जातकुळी वेगळी आहे; तरी शहर आणि गाव यांच्यामधल्या प्रवासात आपलेपण शोधणाऱ्या तरुण दिग्दर्शकांची एक फळी उभी राहते आहे, ही आपल्या दृष्टीनं मोठी गोष्ट आहे.

'ऑल वुई इमॅजिन'च्या शेवटी किनाऱ्यावरच्या एका टपरीत दिव्यांच्या माळा लागल्या आहेत. अनूनं शियाझला लपवून ठेवलं होतं आणि प्रभाला ते कळलं आहे. प्रभा तिला म्हणते, त्याला बोलाव. तो येतो, टेबलाशी बसतो. पार्वती आहेच. कुणी कुणाला जात, धर्म, लग्नाचा दाखला विचारत नाही. टपरीवरची मुलगी आपल्या नादात नाचते आहे. कॅमेरा हळूहळू लांब जातो, आणि काळोखात तेवढा एक उजळलेला चौकोन उरतो. कपाडियाच्या सिनेमात इतका वेळ भटकणारे आवाज इथे बंद होतात. त्यांची आता गरज नसते, कारण माणसं एकमेकांसमोर बसलेली असतात.

सकाळी त्यांच्यातल्या दोघींना मुंबईची गाडी पकडायची असणार. पार्वतीच्या खोलीचा कागद त्या रात्रीनं मिळणार नाही, शियाझच्या घरी अनूचा प्रश्न सुटणार नाही. मॉलमधल्या चित्रपटगृहातून बाहेर पडलो तेव्हा समोर गिरणीचं जुनं धुराडं दिसलं. ते शोभेसाठी रंगवून, प्रकाशझोत टाकून जपलं आहे. धुराडं जपण्याइतकी जागा त्या जमिनीवर निघाली. त्याच्याखाली राबलेल्यांपैकी किती जणांच्या विधवांचं नाव त्या शहराच्या कुठल्या कागदावर आहे, हे विचारायला मला कपाडियाच्या सिनेमानं भाग पाडलं. तिच्याकडून पुढच्या सिनेमाची अपेक्षा करताना मी एवढंच मागेन, की पार्वतीसारख्या बाईला पुढच्या वेळी एक रात्र तिच्या स्वतःच्या भाषेत मिळावी.